‘आय ॲम दॅट’ आणि ‘मी’ला तपासण्याची रीत: संशोधकाच्या नजरेतून एक चिकित्सा



पेट, सेट किंवा नेटच्या निमित्ताने तुम्ही रिसर्च मेथडॉलॉजीचा अभ्यास करत असाल, तर ‘निरीक्षकाचा पूर्वग्रह’ हा मुद्दा तुमच्या नोट्समध्ये नक्की असेल. निरीक्षण करणाऱ्याच्या अपेक्षा निरीक्षणात मिसळू देऊ नका, असं आपण लिहितो आणि दोन मार्क घेतो. पण ज्याचं निरीक्षण करायचं आहे तो निरीक्षकच असेल तर काय करायचं? हा प्रश्न आपल्या पाठ्यपुस्तकात नाही. अद्वैत वेदान्ताच्या परंपरेत मात्र तो सगळ्यात पहिला प्रश्न आहे: मी म्हणजे नेमकं कोण?

आज या परंपरेतल्या एका आधुनिक पुस्तकाची चिकित्सा करायची आहे. पुस्तक निसर्गदत्त महाराजांचं ‘आय ॲम दॅट’. हेच निवडायचं कारण असं की, संशोधन करणारी मुलं ते वाचतात. होस्टेलच्या खोलीत ते दिसतं, त्यातली वाक्यं स्टेटसला दिसतात. काही जण तर अद्वैत, ध्यान आणि मानसिक आरोग्य असा विषय घेऊन सिनॉप्सिस लिहायला बसतात. वाचून बरं वाटणं वेगळं आणि त्या पुस्तकाचा आधार घेऊन विधान करणं वेगळं. आपल्याला दुसऱ्या गोष्टीबद्दल बोलायचं आहे.

आधीच सांगते, श्रद्धा खरी की खोटी हा या लेखाचा विषय नाही. एखादा ग्रंथ संशोधक म्हणून कसा वाचायचा, हा विषय आहे.

पुस्तक आणि त्यामागची माणसं

निसर्गदत्त महाराज (१८९७ ते १९८१) यांचं मूळ नाव मारुती कांबळी. मुंबईत विडी-तंबाखूचं दुकान चालवणारा हा प्रपंची माणूस. १९३३ च्या सुमारास त्यांची भेट इंचगिरी संप्रदायाच्या सिद्धरामेश्वर महाराजांशी झाली. गुरूंनी सांगितलेली साधना वर्णन करायला एका ओळीची: ‘मी आहे’ या भानावर लक्ष ठेव, त्याला चिकटलेलं बाकी सगळं बाजूला कर. सिद्धरामेश्वर १९३६ मध्ये गेले. पुढे निसर्गदत्तांच्या खेतवाडीतल्या घरी, माळ्यावरच्या छोट्याशा खोलीत लोक येऊन प्रश्न विचारू लागले. सत्तरच्या दशकात त्यात परदेशी पाहुणेही भरपूर असत.

‘आय ॲम दॅट’ १९७३ साली मुंबईच्या ‘चेतना’ने प्रसिद्ध केलं. एकूण १०१ संवाद. महाराज मराठीत बोलायचे. त्या बोलण्याच्या ध्वनिफितींवरून इंग्रजी भाषांतर केलं मॉरिस फ्रीडमन यांनी, आणि संपादन केलं सुधाकर दीक्षितांनी.

हे फ्रीडमन साधे भाषांतरकार नव्हते. पोलंडहून भारतात आलेले इंजिनियर, गांधीजींच्या सहवासातले, आणि औंध संस्थानातल्या ग्रामराज्याच्या प्रयोगात आप्पा पंतांच्या बरोबरीने काम केलेले. महत्त्वाचं म्हणजे निसर्गदत्तांकडे येण्याच्या कितीतरी वर्षं आधी ते तिरुवण्णामलैला रमण महर्षींकडे जात होते. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

पुस्तक काय करायला सांगतं

थोडक्यात सांगायचं तर रीत वजाबाकीची आहे. शरीर मला दिसतं, म्हणजे पाहणारा मी शरीर नाही. भावना येतात-जातात आणि त्यांचं येणं-जाणं मला कळतं, म्हणजे मी भावना नाही. विचारांचंही तेच. असं करत करत जे वजा करता येत नाही तिथे थांबायचं. उपनिषदांतलं ‘नेति नेति’ आणि वेदान्तातला दृक्-दृश्य विवेक, म्हणजे पाहणारा आणि पाहिलं जाणारं यांची फोड, ती हीच.

सायन्सवाल्यांना हे पटकन कळेल. स्पेक्ट्रोफोटोमीटरवर काम करताना आपण आधी ब्लँक लावतो. कुव्हेटमध्ये नुसतं सॉल्व्हंट घालून ते रीडिंग वजा करतो, मग उरतं ते आपल्या पदार्थाचं. अद्वैताची रीत याच्या एक पाऊल पुढे जाते: सॉल्व्हंटही वजा करा, पदार्थही वजा करा, आणि मग काय उरलं ते बघा.

समजा उरलं शून्य. आता या शून्याचा अर्थ काय? अद्वैती म्हणेल, शोषण शून्य आहे म्हणजे दिवा बंद आहे असं नाही, उलट सगळा प्रकाश आरपार जातो आहे. उत्तर सुंदर आहे. फक्त प्रयोगशाळेत दिवा चालू आहे की नाही हे मी झाकण उघडून वेगळं तपासू शकते. इथे तपासायला दुसरं यंत्र नाही. माझे चारही आक्षेप या एका अडचणीच्या आसपास फिरतात.

आक्षेप पहिला: आपण कोणाचे शब्द वाचतो आहोत?

संशोधनात प्राथमिक साधन आणि दुय्यम साधन हा फरक आपण शिकतो. ‘आय ॲम दॅट’ला बहुतेक जण बिनधास्त प्राथमिक साधन म्हणून उद्धृत करतात. पण साखळी बघा: मराठीत बोलणं, त्याची ध्वनिफीत, इंग्रजी भाषांतर, त्यावर संपादन, मग छापील पान. त्यातही परदेशी पाहुण्याचा प्रश्न इंग्रजीतून दुभाष्यामार्फत मराठीत जायचा आणि उत्तर उलट्या वाटेने परत यायचं. म्हणजे छापील संवाद हा संवादाचा अहवाल आहे.

हा तांत्रिक मुद्दा वाटेल, पण त्यावर पुस्तकाचं अर्धं तत्त्वज्ञान अवलंबून आहे. इंग्रजी पुस्तकात ‘कॉन्शसनेस’ आणि ‘अवेअरनेस’ यांत कडक भेद केला आहे. पहिली विषयांच्या संपर्कात येणारी, येणारी-जाणारी. दुसरी मूळची, कशावरही अवलंबून नसलेली. आता मराठीत बघा. जाणीव, भान, शुद्ध, जाग, चेतना, संवेदना, स्फुरण, शिवाय ‘नेणीव’ आहेच. रोजच्या मराठीत ‘जाणीव’ हा एकच शब्द त्या दोन्ही इंग्रजी शब्दांचं काम करतो. ‘त्याला जाणीव झाली’ आणि ‘जाणीव शिल्लक आहे’ ही दोन्ही वाक्यं आपण सहज बोलतो. तेव्हा इंग्रजी पानावर ‘अवेअरनेस’ दिसला की मागे कोणता मराठी शब्द होता, हा प्रश्न मराठी वाचकाने तरी विचारलाच पाहिजे. इंग्रजी पान ते सांगत नाही.

आणि भाषांतरकार कोण? आधीच रमण महर्षींच्या शिकवणीत मुरलेला, तिची परिभाषा अंगवळणी पडलेला माणूस. त्यांच्या प्रामाणिकपणावर मी शंका घेत नाही. भाषांतरकाराकडे आधीच शब्दांचा साचा तयार असतो आणि समोरचं बोलणं त्या साच्यात बसत जातं, एवढंच म्हणते. म्हणून ‘निसर्गदत्त आणि रमण एकच सांगतात’ असा तौलनिक निष्कर्ष नुसत्या इंग्रजी पुस्तकावरून काढणाऱ्याने थांबावं. तुम्ही दोन गुरूंमधलं साम्य मोजता आहात की एका भाषांतरकाराच्या शब्दसंग्रहातलं?

रमण महर्षींच्या ‘नान् यार?’ या छोट्या तमिळ पुस्तिकेची गोष्ट याच्याशी ताडून बघा. शिवप्रकाशम पिळ्ळै यांनी १९०२ च्या सुमारास प्रश्न विचारले, आणि मौनात असलेल्या रमणांनी लिहून उत्तरं दिली. छापील पुस्तिका आली १९२३ मध्ये. पुढे स्वतः रमणांनी तिला निबंधाचं रूप दिलं. तिथेही आवृत्त्यांचा घोळ आहेच, प्रश्नांची संख्या आवृत्तीप्रमाणे बदलते. पण मूळ भाषेतलं आणि लेखकाच्या हातचं रूप उपलब्ध आहे, त्यामुळे ताडून पाहता येतं. साधन म्हणून दोन्ही पुस्तकांचं वजन सारखं धरता येणार नाही ते यामुळे.

आक्षेप दुसरा: तीन जातींची वाक्यं एकाच सुरात

हे पुस्तक वाचताना हातात तीन रंगांच्या पेन्सिली घ्या. पुस्तकातली वाक्यं तीन जातींची आहेत. उदाहरणं माझी आहेत, पुस्तकातली नाहीत.

१. सूचना. ‘विचार येताना फक्त बघ, त्याच्यामागे जाऊ नकोस.’ सूचना खरी किंवा खोटी नसते, ती उपयोगी किंवा निरुपयोगी असते. करून बघायची.

२. अनुभवाचा वृत्तान्त. ‘असं बघत राहिल्यावर विचार आणि मी यांत अंतर जाणवलं.’ सांगणारा खोटं बोलत नसेल तर हे त्याच्यापुरतं मान्य करायला हरकत नाही.

३. अस्तित्वाबद्दलचं विधान. ‘म्हणून मी कधी जन्मलोच नाही, जग माझ्यात आहे.’ हे विधान सगळ्यांबद्दल आहे. त्याला पुरावा किंवा युक्तिवाद लागतो.

अडचण अशी की संवादाच्या ओघात दुसऱ्या जातीवरून तिसऱ्या जातीवर उडी कधी पडली ते कळत नाही. ‘मला माझी सीमा जाणवत नाही’ आणि ‘मला सीमा नाही’ या दोन वाक्यांत फरक आहे. माझ्या यंत्राला एखादा पदार्थ दिसत नाही, याचा अर्थ तो नमुन्यात नाहीच असा होत नाही. त्याचं प्रमाण यंत्राच्या मर्यादेखाली असू शकतं. थीसिसमध्ये आपण ‘आढळला नाही’ असं लिहितो, ‘नाही’ असं लिहीत नाही. परीक्षक या एका शब्दावर अडवतात आणि योग्यच करतात.

एक निरीक्षण, तीन निष्कर्ष

ही उडी किती मोठी आहे ते बघायचं असेल तर एक सुंदर उदाहरण आहे. स्कॉटलंडचा तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम याने १७३९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात असाच शोध घेतला. आत डोकावून ‘मी’ सापडतो का ते पाहिलं. त्याला ऊन-थंडी, सुख-दुःख, राग-लोभ अशा संवेदनाच सापडल्या, त्यांचा मालक सापडला नाही. त्याने निष्कर्ष काढला की ‘मी’ म्हणजे संवेदनांची मोळी, वेगळा मालक वगैरे नाही. बौद्ध परंपरेने कितीतरी आधी याच धर्तीची तपासणी करून अनात्म सांगितलं. आणि अद्वैती त्याच तपासणीतून म्हणतो, मालक दिसत नाही कारण तो पाहणारा आहे. साक्षी कधीच दृश्य होत नाही.

बघा, निरीक्षण जवळजवळ तेच आहे: शोधल्यावर ‘मी’ नावाची वस्तू हाती लागत नाही. निष्कर्ष तीन. म्हणजे निरीक्षण एकटं निकाल देत नाही, निकाल देणारं काहीतरी दुसरं आहे. संशोधनाच्या भाषेत, एकाच डेटावर तीन मॉडेल बसतात, मग निवड कशावरून केली ते तुम्हाला सांगावं लागतं.

आणि गंमत म्हणजे जुन्या अद्वैत परंपरेला हे पक्कं माहीत होतं! शंकराचार्य ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायातल्या भाष्यात बौद्धांशी वाद घालतात तेव्हा ‘माझा अनुभव असा आहे’ एवढ्यावर थांबत नाहीत. ते स्मृतीचा मुद्दा मांडतात. काल पाहणारा आणि आज आठवणारा एकच नसेल, तर ‘मीच ते पाहिलं होतं’ ही ओळख कशी पटेल? हा युक्तिवाद आहे. तो मान्य करा, खोडा, पण त्याच्याशी झटापट करता येते.

बृहदारण्यक उपनिषदातून आलेली श्रवण, मनन, निदिध्यासन ही त्रयी आठवा. ऐकणं, मग त्यावर तर्काने घासाघीस, मग त्यात मुरणं. आधुनिक अद्वैती पुस्तकांत पहिलं आणि तिसरं उरलं आहे, मधलं पातळ झालं आहे. ‘आय ॲम दॅट’मध्ये प्रश्नकर्ता बुद्धीने हटकायला लागला की पुष्कळदा त्याला मनाच्या पलीकडे बघायला सांगितलं जातं. साधकासाठी ते योग्य असेलही. पण मनन गाळून उरलेल्याला संशोधक पूर्ण पद्धत म्हणू शकत नाही.

अनंतानंद रामबचन या अभ्यासकाने हा बदल नीट दाखवला आहे. त्यांच्या १९९१ च्या पुस्तकाचा मुद्दा असा की शंकराचार्यांच्या मांडणीत ब्रह्मज्ञानाचं प्रमाण श्रुती आहे. खास अनुभव येऊन त्याने श्रुतीवर शिक्का मारायचा, असा क्रम तिथे नाही. अनुभवाला शेवटचा पुरावा मानण्याचा सूर आधुनिक काळात, विशेषतः विवेकानंदांच्या मांडणीतून, बळकट झाला. म्हणून ‘प्राचीन काळापासून अद्वैत हे अनुभवाचं विज्ञान आहे’ असं वाक्य सिनॉप्सिसमध्ये लिहिण्याआधी दोनदा विचार करा. वाक्याचा अर्धा भाग शे-सव्वाशे वर्षांचा आहे.

‘अद्वैत सांगतं की...’ अशी सुरुवातही टाळा. कोणतं अद्वैत? ज्ञानेश्वरांच्या ‘अमृतानुभव’ची दहा प्रकरणं आहेत, त्यात सातवं सगळ्यात मोठं, अज्ञानखंडनाचं. ज्या अज्ञानाला दूर करायला साधना करायची, ते अज्ञान नावाची काही वस्तू आहे हेच ज्ञानदेव मान्य करत नाहीत. त्याआधीच्या प्रकरणात तर ते शब्दाचीच झाडाझडती घेतात. म्हणजे अद्वैताच्या घरातच, आणि तेही मराठीत, केवढी चिकित्सा चालली होती! आपण ती वाचत नाही आणि स्टेटसची वाक्यं वाचतो.

आक्षेप तिसरा: तळमळीचं गोल गणित

या पुस्तकात एक कळीचा शब्द पुन्हा पुन्हा येतो, ‘अर्नेस्टनेस’. आपण त्याला तळमळ म्हणू. साधना फळाला येते की नाही हे तळमळीवर ठरतं, असं पुस्तकाचं म्हणणं आहे.

ऐकायला पटतं. पण तळमळ होती की नव्हती हे ठरवायचं कशावरून? फळ मिळालं तर तळमळ होती. फळ मिळालं नाही तर कमी पडली. म्हणजे कारण मोजायचं माप परिणामातूनच घेतलं. अशा मांडणीत पद्धत कधीच हरू शकत नाही, हरतो तो फक्त करणारा माणूस. एखाद्या कंपनीने असं किट विकलं की ज्याचा निकाल चुकला तर दोष कायम तुमच्या हाताचा, तर आपण ते घेऊ का?

याला जोडूनच दुसरा मुद्दा. खेतवाडीच्या त्या खोलीत जे टिकले, परत परत आले, ज्यांना काही गवसलं, त्यांनी पुस्तकं लिहिली. ज्यांना काही झालं नाही ते घरी गेले, आणि त्यांचं पुस्तक निघालं नाही. फक्त यशस्वी नमुने हातात असताना पद्धतीची कार्यक्षमता काढता येत नाही. हा दोष एकट्या या पुस्तकाचा नाही, कोणत्याही साधनामार्गाच्या साहित्याचा आहे. पण संशोधकाने तो नोंदवायलाच हवा.

आत्मपरीक्षण वेगळं, आत्मविचार वेगळा

आता एक गोंधळ सोडवू, कारण विद्यार्थी इथे हमखास अडकतात. मराठीत ‘आत्मपरीक्षण’ म्हणजे मी असं का वागलो, कुठे कमी पडलो, याचा शोध. अद्वैतातला ‘आत्मविचार’ म्हणजे हे ‘मी’ म्हणणारं कोण आहे, याचा शोध. पहिला ‘मी’ला गृहीत धरतो आणि त्याचे गुणदोष तपासतो. दुसरा त्या गृहीतकालाच हात घालतो. दोघांनाही इंग्रजीत सैलपणे ‘सेल्फ-रिफ्लेक्शन’ म्हटलं की प्रश्नावली एकाची आणि निष्कर्ष दुसऱ्याचे, असा प्रकार होतो.

मानसशास्त्राने आत पाहण्याची पद्धत मोठ्या गांभीर्याने वापरून पाहिलेली आहे. विल्हेल्म वुंटने १८७९ मध्ये लाइपझिगला प्रयोगशाळा काढली. पुढे वूर्झबर्गच्या गटातले निरीक्षक म्हणू लागले की कोणतीही प्रतिमा नसलेले विचार आम्हाला आत सापडतात. कॉर्नेलला टिचनर यांच्या तालमीतले निरीक्षक म्हणाले, नीट पाहिलं की प्रतिमा किंवा संवेदना असतेच. दोन्हीकडचे निरीक्षक प्रशिक्षित आणि प्रामाणिक. प्रत्येक गटाला आपल्या गुरूच्या सिद्धान्तासारखंच आत दिसलं. वाद मिटवायला बाहेरचं माप नव्हतं. १९१३ मध्ये वॉटसनने आत पाहणंच मोडीत काढायची हाक दिली, त्यामागे हे एक कारण होतं.

आश्रमांना हे उदाहरण थेट लागू पडतं. साधक आधी सिद्धान्त ऐकतो, मग आत बघतो, आणि ऐकलेलं सापडतं. पेपरातल्या ‘निरीक्षकाच्या पूर्वग्रहा’चं याहून चांगलं उदाहरण शोधून सापडणार नाही.

पण उलट बाजूचीही एक चूक आहे. रिचर्ड निस्बेट आणि टिमोथी विल्सन यांचा १९७७ चा गाजलेला लेख पुष्कळ जण अद्वैताविरुद्ध फेकतात. त्यातल्या एका प्रयोगात लोकांसमोर अगदी एकसारखे चार स्टॉकिंग्जचे जोड ठेवले होते. लोक उजवीकडचा जोड जास्त निवडायचे. कारण विचारलं तर पोत, विणकाम असं काहीतरी सांगायचे, जागेमुळे निवडला हे मानायलाच तयार नव्हते. यावरून कळतं की आपण आपल्या वागण्याची कारणं सांगताना बऱ्याचदा गोष्ट रचतो. हा फटका आत्मपरीक्षणाला बसतो. आत्मविचाराला तो थेट बसत नाही, कारण तिथे ‘का’ हा प्रश्नच नाही. उलट अद्वैती म्हणेल, मन सांगतं त्या गोष्टींवर विसंबू नका असं आम्ही केव्हाचं सांगतोय. टीका करायची तर नेमकी करा. चुकीच्या ठिकाणी मारलेला बाण मोजला जात नाही.

मेंदूच्या प्रतिमांबद्दलही तेच. २०११ मध्ये जडसन ब्रूअर आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की अनुभवी ध्यान करणाऱ्यांमध्ये ‘डीफॉल्ट मोड नेटवर्क’च्या मुख्य भागांतली हालचाल ध्यानाच्या वेळी कमी असते. स्वतःबद्दलच्या विचारांशी या जाळ्याचा संबंध जोडला जातो. एवढ्यावरून ‘विज्ञानाने अद्वैत सिद्ध केलं’ असे लेख येतात. स्वतःबद्दलचे विचार कमी झाले, एवढंच फार तर म्हणता येईल. त्यातून ब्रह्म निघत नाही, आणि ब्रह्म नाही हेही निघत नाही.

आक्षेप चौथा, आणि माझ्या मते सगळ्यात गंभीर

आता पुस्तकाबाहेरची गोष्ट. पीएचडी हा लांबचा, एकट्याचा रस्ता आहे. प्रयोग फसतात, फेलोशिप उशिरा येते, गाइड वेळ देत नाहीत, घरून लग्नाचं विचारणं सुरू असतं. अशा वेळी ‘तू मन नाहीस, तू फक्त साक्षी आहेस’ हे वाक्य औषधासारखं लागतं. मलाही लागतं, खोटं कशाला बोलू. रात्री अकराला कॉलम फसल्यावर, ‘चिडचिड होते आहे, ती दिसते आहे’ एवढं म्हणता आलं तरी दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये पाय टाकवतो.

पण हेच वाक्य पळवाटही होतं. गाइडशी बोलायला हवं ते बोलायचं नाही, कारण ‘सगळी माया’. डेटा पुन्हा घ्यायला हवा तो घ्यायचा नाही, कारण ‘कर्ता मी नाही’. जॉन वेलवुड या मानसोपचार करणाऱ्या लेखकाने ऐंशीच्या दशकात याला नाव दिलं, ‘स्पिरिच्युअल बायपासिंग’. आपण अध्यात्माचा बाह्यवळण रस्ता म्हणू: गावातली गर्दी टाळून थेट पुढे, पण काम तर गावातच होतं.

त्याहून धोक्याचं एक आहे. स्वतःपासून तुटल्यासारखं वाटणं, शरीर आपलं न वाटणं, जग पडद्यावरच्या चित्रासारखं वाटणं, हे तीव्र ताणाचं किंवा आजाराचं लक्षण असू शकतं. वरवर पाहता त्याचं वर्णन साक्षीभावाच्या वर्णनाशी जुळतं. ध्यान करताना येणाऱ्या अशा अडचणींवर जेरेड लिंडाल, विलोबी ब्रिटन आणि सहकाऱ्यांचा २०१७ चा अभ्यास जरूर वाचा. तो पाश्चात्त्य बौद्ध साधकांबद्दल आहे, पण प्रश्न आपल्यालाही लागू आहेत. पुस्तकाच्या पानाला समोरच्या माणसाचा चेहरा दिसत नाही. खोलीत बसलेला गुरू निदान बघू शकतो की हा माणूस झोपतो का, जेवतो का. वाक्य मात्र सगळ्यांना सारखंच मिळतं.

म्हणून, मैत्रीण सलग काही दिवस झोपत नसेल, जेवत नसेल, ‘काहीच खरं नाही’ म्हणत असेल, तर तिला ‘हे कोणाला वाटतंय ते बघ’ असं सांगू नका. तिच्याबरोबर डॉक्टरकडे जा. सरकारची टेली-मानस सेवा १४४१६ या क्रमांकावर आहे, मराठीतही बोलता येतं. आत्मविचार नंतर करता येतो.

मग पुस्तकाची किंमत काय?

एवढे आक्षेप घेतल्यावरही मी हे पुस्तक कपाटात ठेवते. दोन कारणांनी.

पहिलं, संवादाचं रूप. प्रश्नकर्ते गप्प बसत नाहीत. युद्धाचं काय, भुकेचं काय, तुम्ही जर सर्व काही आहात तर माझं दुःख तुम्हाला का होत नाही, असे अडवणारे प्रश्न विचारतात, आणि ते प्रश्न संपादनात गाळलेले नाहीत. स्वतःविरुद्धचा पुरावा छापणारं पुस्तक मला विश्वासाचं वाटतं.

दुसरं, ते विधान कमी आणि प्रयोग जास्त देतं. माझ्यावर विश्वास ठेवू नकोस, करून बघ, हा त्याचा एकूण सूर आहे. तिसऱ्या जातीची वाक्यं बाजूला काढली तरी पहिल्या जातीच्या सूचनांचा एक चांगला संच हातात उरतो. ‘मला राग आला आहे’ आणि ‘राग आला आहे हे कळतं आहे’ यांतलं अंतर ज्याला पाहता येतं, तो रिव्ह्यूअरचे शेरे जास्त शांतपणे वाचतो. एवढ्या फायद्यासाठी ब्रह्माबद्दलचं मत आधी ठरवायची गरज नाही.

तर माझा निकाल असा: साधनेचं मार्गदर्शन म्हणून चांगलं, अनुभवाचा वृत्तान्त म्हणून मौल्यवान, तत्त्वज्ञानाचा युक्तिवाद म्हणून अपुरं, आणि निसर्गदत्तांच्या शब्दांचं प्राथमिक साधन म्हणून जपून वापरण्यासारखं.

या विषयावर सिनॉप्सिस लिहीत असाल तर

- ‘अद्वैत आणि मानसिक आरोग्य’ असा समुद्राएवढा विषय घेऊ नका. एक ग्रंथ, एक संकल्पना, एक प्रश्न. उदाहरणार्थ, ज्ञानेश्वर ते निसर्गदत्त या वाटेवर ‘जाणीव’ या शब्दाचा अर्थ कसा बदलतो? मराठी येणाऱ्या संशोधकाला इथे इतरांच्या पुढे जायची खरी संधी आहे.
- महाराजांची मराठी निरूपणं छापील स्वरूपात मिळतात. स्वतः निसर्गदत्तांनी आपल्या गुरूंच्या प्रवचनांची टिपणं काढली होती, तीही प्रसिद्ध आहेत. इंग्रजीच्या आधी ती वाचा.
- प्रश्नावली वापरणार असाल तर ती आत्मपरीक्षण मोजते की आत्मविचार, हे पहिल्याच पानावर लिहा.
- स्वतः साधना करत असाल तर पद्धतीच्या प्रकरणात तसं स्पष्ट नोंदवा. त्याने काम हलकं होत नाही. लपवलं तर होतं.
- आणि मुलाखतीत समितीतलं कोणी विचारेलच, ‘तुमचं विधान चुकीचं आहे हे कशावरून कळेल?’ याचं उत्तर तयार नसेल तर विषय अजून तयार नाही.

आज एवढंच करा. पुस्तकातला कोणताही एक संवाद घ्या आणि सूचना, वृत्तान्त, विधान असे तीन रंग करा. मग आपल्या स्वतःच्या सिनॉप्सिसचं एक पान घेऊन तेच करा. आपल्या पानावर तिसरा रंग किती आहे, ते मोजा.